सोने, शहर आणि शेजारी : मेलबर्नच्या सुवर्णपर्वावरील तीन पुस्तके

एखाद्या शहराची थोरवी त्याच्या इमारतींवरून मोजण्याची सवय आपणां सर्वांनाच असते. ऑस्ट्रेलियातील मेलबर्न ह्या शहराविषयी आपल्या धर्मग्रामांतून जे बोलले जाते, तेही बहुधा ह्याच मापाने बोलले जाते. वसईतील, मुंबईच्या ईस्ट इंडियन गावठाणांतील आणि गोव्यातील काही कुटुंबे आज तेथे स्थायिक झाली आहेत. सुट्टीत घरी आलेली ही मंडळी तेथील रुंद रस्ते, ट्रामगाड्या, उंच मनोऱ्यांचे कॅथीड्रल आणि एकाच मिस्सेला शेजारी बसणारी अनेक देशांची माणसे यांचे कौतुकाने वर्णन करतात. मग कोणीतरी त्या वैभवाचे कारण सांगून टाकतो : तेथे सोने सापडले, जग धावत आले आणि शहर उभे राहिले.

हे विधान खोटे नाही. मात्र अपुरे आहे. सोन्याने माणसे जमवली हे खरे. जमलेली माणसे एकमेकांचे शेजारी केव्हा झाली, आणि काहींना शेजारी होऊच का दिले नाही, हा प्रश्न त्या विधानात शिल्लक उरतो. त्याचे उत्तर शोधताना त्या काळाने मागे ठेवलेल्या ग्रंथांकडे वळणे आम्हांला अगत्याचे वाटते. येथे आम्ही तीन पुस्तकांचा विचार करणार आहोत : राफाएल्लो कार्बोनी ह्या इटालियन माणसाने १८५५ मध्ये लिहिलेले ‘द यूरेका स्टॉकेड’, हेन्री हँडल रिचर्डसन हिची १९१७ ते १९२९ ह्या काळात तीन भागांत प्रसिद्ध झालेली ‘द फॉर्च्यून्स ऑफ रिचर्ड माहोनी’ ही कादंबरी, आणि मेलबर्नमधील तीन चिनी गृहस्थांनी १८७९ च्या सुमारास प्रसिद्ध केलेली ‘द चायनीज क्वेश्चन इन ऑस्ट्रेलिया’ ही पुस्तिका. तिघांना आम्ही एकच प्रश्न विचारतो. ह्या पुस्तकाने शहराच्या पंगतीत कोणाला बसवले आणि कोणाला उंबऱ्याबाहेर ठेवले?

प्रथम थोडा इतिहास. मेलबर्नची वसाहत १८३५ ची. जॉन बॅटमन आणि जॉन पास्को फॉकनर यांच्या मंडळींनी यारा नदीच्या काठी तळ दिला तेव्हा ती भूमी रिकामी नव्हती. वुरुंडजेरी लोकांची ती पिढ्यान्‌पिढ्यांची भूमी होती. पहिली पंधरा वर्षे हे गाव मेंढ्यांच्या लोकरीवर जगले. १ जुलै १८५१ रोजी व्हिक्टोरिया ही वसाहत न्यू साउथ वेल्सपासून वेगळी झाली आणि त्याच वर्षी क्लून्स, बॅलरॅट, बेंडिगो येथे सोने सापडले. त्या वेळी सबंध वसाहतीत सुमारे ७७ हजार वसाहतकरी होते. दहा वर्षांनी, १८६१ मध्ये, हा आकडा सुमारे ५ लाख ४० हजारांवर गेला. तीस हजारांच्या आतले मेलबर्न सव्वा लाखाच्या घरात पोहोचले.

परंतु सोन्याचा पहिला परिणाम ह्याच्या नेमका उलट होता. शहर प्रथम ओस पडले. कारकुनांनी लेखणी ठेवली, पोलिसांनी नोकरी सोडली, बंदरात नांगरलेल्या जहाजांवरचे खलाशी पळाले. कॅथलिकांनी हाती घेतलेल्या चर्चचे बांधकामही मजुरांअभावी अडले. त्यानंतर जगभरातून जहाजे येऊ लागली आणि १८५२ मध्ये नदीच्या दक्षिण तीरावर तंबूंचे एक शहरच उभे राहिले. लोक त्याला कापडी शहर म्हणत. अशा कापडी वस्त्या सोन्यामागे धावणाऱ्या अनेक प्रदेशांत उभ्या राहिल्या आणि सोने सरताच उडूनही गेल्या. मेलबर्न का टिकले?

त्याचे कारण सोन्याच्या स्वरूपात आहे, आणि सोन्याच्या पैशाचे काय केले ह्यातही आहे. ओढ्याच्या वाळूत हाताने वेचता येणारे सोने थोड्याच वर्षांत संपत आले. मग खोल विहिरी खणणे, खडक फोडणे, यंत्रे बसवणे आले. त्यासाठी भांडवल लागले, कंपन्या निघाल्या, शेअर विकले जाऊ लागले. सोने बॅलरॅटला निघाले तरी त्याचा हिशेब मेलबर्नला होऊ लागला. बंदर, बँका, वखारी आणि सरकार तेथेच होते. ह्याच पैशातून १८५३ मध्ये विद्यापीठ स्थापन झाले आणि १८५६ मध्ये सार्वजनिक ग्रंथालय उघडले. मेलबर्न ते सँडरिज बंदर ही वाफेची रेल्वे १८५४ मध्ये धावू लागली, म्हणजे आपली मुंबई-ठाणे गाडी सुटल्यानंतर दुसऱ्याच वर्षी. एप्रिल १८५६ मध्ये तेथील पाथरवटांनी काम थांबवून मोर्चा काढला आणि आठ तासांचा कामाचा दिवस मिळवला. खाणींत निराश झालेला सुतार, गवंडी, शिक्षक शहरात परतला तेव्हा त्याला करण्याजोगे काम तेथे होते. सोने सरल्यावर काय, ह्या प्रश्नाची तयारी सोने असतानाच सुरू झाली, म्हणून शहर राहिले.

ह्या धामधुमीचा सर्वांत जिवंत साक्षीदार कार्बोनी आहे. तो उर्बिनोचा, गॅरिबाल्डीच्या बाजूने लढून जखमी झालेला, अनेक भाषा जाणणारा. बॅलरॅटच्या खाणींवर तो दुभाष्याचे काम करी. त्याचे पुस्तक वाचताना इंग्रजी वाचकांची पहिली तक्रार अशी असते की हे इंग्रजी धड इंग्रजी नाही. लॅटिन, इटालियन, फ्रेंच, जर्मन अशा भाषांचे तुकडे त्यात भरले आहेत. प्रकरणे छोटी छोटी. मध्येच आरोळी, मध्येच प्रार्थना, मध्येच शिवी. आमच्या मते हाच त्या पुस्तकाचा गुण आहे. खाणीवरचा कोलाहल त्याने शुद्ध करून सांगितला नाही. ज्या गर्दीत एका विहिरीवर आयरिश, शेजारच्या विहिरीवर जर्मन आणि पलीकडे अमेरिकन खणत होता, त्या गर्दीची भाषा अशीच असणार. दुभाष्यालाच ती लिहिता आली.

घटना सर्वश्रुत आहेत, तरी थोडक्यात सांगतो. सोने लागो वा न लागो, प्रत्येक खणणाऱ्याला पैसे भरून परवाना घ्यावा लागे. तो तपासण्यासाठी पोलिसांच्या धाडी पडत. मतदानाचा हक्क नाही, जमीन मिळत नाही, आणि कर मात्र चुकत नाही, अशी स्थिती होती. ऑक्टोबर १८५४ मध्ये बॅलरॅटचे आयरिश धर्मगुरू फादर पॅट्रिक स्माइथ यांचा सेवक योहान्नेस ग्रेगोरियस ह्याला परवाना नसल्याच्या आरोपाखाली पकडण्यात आले. हा आर्मेनियन कॅथलिक, शरीराने अपंग; सोने खणणे त्याला शक्यच नव्हते, आणि धर्मगुरूचा सेवक म्हणून त्याला परवान्याची गरजही नव्हती. तरी त्याला मारहाण झाली आणि पाच पौंड दंड झाला. कॅथलिक खाणकामगारांच्या सभेत संताप उसळला. दुसऱ्या एका खून प्रकरणात न्याय विकला गेल्याची भावना त्यात मिसळली. २९ नोव्हेंबर रोजी बेकरी टेकडीवर दक्षिण क्रूसाचे निशाण उभारून परवाने जाळण्यात आले. पुढारी झाला पीटर लेलर, आयरिश कॅथलिक तरुण. ३ डिसेंबर १८५४ च्या रविवारी पहाटे सैनिकांनी लाकडी मोर्चेबंदीवर हल्ला केला. किमान बावीस खाणकामगार आणि काही सैनिक मृत्यू पावले. आदल्या दिवशी रक्तपात टाळण्यासाठी धडपडणाऱ्या फादर स्माइथ यांच्याच घरी जखमी लेलरला आश्रय मिळाला आणि तेथेच त्याचा डावा हात कापावा लागला.

त्या टेकडीवरच्या सभेत कार्बोनीने भाषण केले. वंश, धर्म आणि रंग न पाहता प्रत्येकाने त्या निशाणाला जगातील सर्व पीडितांचा आसरा मानावे, असा त्याचा आशय होता. हे केवळ व्यासपीठावरचे वाक्य नव्हते. नंतर मेलबर्नमध्ये ज्या तेरा जणांवर राजद्रोहाचे खटले चालले, त्यांत कार्बोनी होता, जमैकाचा एक मनुष्य होता आणि जॉन जोसेफ हा अमेरिकन कृष्णवर्णीयही होता. प्रथम जोसेफचाच खटला चालला. मेलबर्नच्या ज्यूरीने त्याला निर्दोष ठरवले आणि लोकांनी त्याला खुर्चीत बसवून रस्त्यांतून मिरवले. इतर सर्वही सुटले. १८५५ मध्ये परवाना रद्द होऊन त्याच्या जागी वर्षाला एक पौंडाचा खाणहक्क आला. ह्या हक्काबरोबर खाणकामगाराला मतही मिळाले. गर्दीतल्या माणसाची ओळख कायद्याने पटवली गेली ती अशी.

तथापि कार्बोनीच्या पुस्तकाचे दोषही सांगितले पाहिजेत. त्यात रागाचा अंश फार आहे. जर्मन सहकारी व्हर्न ह्याची तो इतकी टवाळी करतो की वाचकाला कीव यावी. स्वतः हल्ल्याच्या वेळी तो मोर्चेबंदीबाहेर आपल्या तंबूत होता. म्हणून पुस्तकात पुन्हा पुन्हा आपली निष्ठा सिद्ध करण्याची घाई दिसते. आणि पीडितांच्या आसऱ्याची जी व्याख्या त्याने टेकडीवर केली, ती त्याच्या रंगमंचावर पूर्णपणे उतरत नाही. आयरिश बोलतो, जर्मन बोलतो, इटालियन तर बोलतोच बोलतो. चिनी माणसाला मात्र तेथे आवाज नाही. ज्यांच्या भूमीवर हे सारे घडत होते त्या वाडावुरुंग लोकांनाही नाही.

सुमारे साठ वर्षांनी त्याच खाणींकडे वळलेली रिचर्डसन ही वेगळ्या जातीची लेखिका. तिचे खरे नाव एथेल फ्लॉरेन्स लिंडसे रिचर्डसन. जन्म मेलबर्नचा, १८७० चा, वडील डॉक्टर. तरुणपणी ती संगीत शिकण्यास लाइपझिगला गेली आणि पुढे इंग्लंडमध्येच राहिली. ह्या कादंबरीच्या पूर्वतयारीसाठी १९१२ मध्ये ती एकदाच मायदेशी आली. कार्बोनीने जे कानांनी टिपले ते तिने दूर राहून, कागदपत्रे वाचून, सावकाश उभे केले. सुरुवातीलाच विहीर ढासळून एक खाणकामगार जिवंत गाडला जातो. त्या प्रसंगानंतर ही प्राचीन भूमी आपल्याला लुटण्यास आलेल्यांनाच कशी कैद करून ठेवते, असा सूर ती लावते, आणि तिन्ही भागांत तो सूर सुटत नाही.

नायक रिचर्ड माहोनी हा डब्लिनचा, प्रॉटेस्टंट कुळातला डॉक्टर. सोन्यासाठी येतो, सोने मिळत नाही, म्हणून बॅलरॅटला दुकान घालतो. यूरेकाच्या वेळी तो दूर उभा राहतो. त्याचा मित्र पर्डी मात्र त्यात ओढला जातो. पुढे तो पुन्हा डॉक्टरी करू लागतो आणि खाणीच्या शेअरांतून धनवान होतो. येथे कादंबरीची दृष्टी अचूक आहे. कुदळ हाती घेऊन जे मिळाले नाही ते कागदाच्या तुकड्यातून मिळते, आणि कागदावर आलेले कागदावरच जाते. माहोनी युरोपच्या प्रवासात असताना त्याचा विश्वासू व्यवस्थापक पैसे घेऊन नाहीसा होतो. मेलबर्नच्या हॉथॉर्न उपनगरातले त्याचे टोलेजंग घर सुटते. शेवटी मन भ्रमिष्ट होते, आणि पत्नी मेरी पोस्टाची नोकरी करून मुलांना वाढवते.

मेलबर्नची वाढ समजण्यासाठी हा माहोनी आम्हांला फार उपयोगी वाटतो. कारण तो कोठेच रुजत नाही. वसाहतीत असताना इंग्लंडसाठी झुरतो. इंग्लंडला गेला की वसाहतीचा म्हणून हिणवला जातो आणि परततो. शहरही काही काळ असेच होते. १८८५ मध्ये आलेल्या जॉर्ज ऑगस्टस साला ह्या इंग्रज पत्रकाराने त्याला ‘अद्‌भुत मेलबर्न’ म्हटले आणि नागरिक फुलून गेले. जमिनीचे भाव आकाशाला भिडले. १८९३ मध्ये बँकांनी एकामागून एक दारे लावली. रिचर्डसनने माहोनीची कथा त्या मंदीपूर्वी संपवली आहे, तरी वाचकाला शहराचे भविष्य आधीच वाचल्यासारखे वाटते. ह्या पडझडीत कोण उभे राहते, तर मेरी. तिला ना सोन्याचे वेड, ना परतीचे. ती जेथे आहे तेथे चूल मांडते, शेजारीण जोडते, आजाऱ्याच्या उशाशी बसते. आमच्या मते ह्या कादंबरीत शहर वसवते ती मेरी. माहोनी त्यातून केवळ जातो.

ह्या ठिकाणी एक गोष्ट कॅथलिक वाचकांस विशेष जाणवेल. अशा मेरी आपल्या ख्रिस्तसभेच्या इतिहासातही आहेत, आणि कादंबरीकारांचे त्यांच्याकडे फारसे लक्ष गेले नाही. कॅरोलिन चिझम ह्या कॅथलिक स्त्रीने आपले कार्य आपल्या मद्रासेत सैनिकांच्या मुलींसाठी शाळा काढून सुरू केले होते. १८५४ मध्ये व्हिक्टोरियात आल्यावर तिने खाणींचा दौरा केला आणि मेलबर्नहून खाणींकडे पायी जाणाऱ्या कुटुंबांसाठी वाटेवर निवारे बांधवून घेतले. १८५७ मध्ये अर्सुला फ्रेन ह्या आयरिश भगिनीच्या नेतृत्वाखाली सिस्टर्स ऑफ मर्सी पर्थहून आल्या आणि त्यांनी फिट्झरॉय येथे शाळा चालवली. महागुरू गूल्ड यांच्या काळात, १८५८ मध्ये, विल्यम वॉर्डेलच्या आराखड्यानुसार संत पॅट्रिक कॅथीड्रलचे काम सुरू झाले. त्याचा निळसर काळा दगड आपल्या सह्याद्रीच्या काळ्या पाषाणाच्याच जातीचा. १८९७ मध्ये त्याचे अभिषेचन झाले आणि मनोरे पुरे होण्यास १९३९ साल उजाडले. १८७२ च्या कायद्याने सरकारी शिक्षण मोफत, सक्तीचे आणि धर्मनिरपेक्ष झाले व चर्चच्या शाळांचे साहाय्य बंद होणार हे ठरले. तेव्हा मजूर कुटुंबांनी पैसा-पैसा जमवून आपल्या शाळा चालू ठेवल्या. हा वारसा अभिमानाचा आहे, ह्यात शंका नाही.

पण येथेच थांबलो तर आपणही कार्बोनीप्रमाणे अर्ध्याच पंगतीचे वर्णन केले, असे होईल. तिसरे पुस्तक आता उघडले पाहिजे.

चिनी माणसे खाणींवर मुख्यत्वे दक्षिण चीनमधून, कर्ज काढून, गटागटाने आली. इतरांनी टाकून दिलेल्या मातीतून ती चिकाटीने सोने वेचीत. १८५५ मध्ये व्हिक्टोरियाने कायदा केला : येणाऱ्या प्रत्येक चिनी माणसामागे दहा पौंड डोईपट्टी. ज्या वर्षी यूरेकाच्या वीरांना ज्यूरीने सोडले, त्याच वर्षी हा कायदा झाला, हे विसरता येत नाही. मग जहाजे शेजारच्या दक्षिण ऑस्ट्रेलियात रोब ह्या लहानशा बंदराला लागू लागली. सोळा हजारांहून अधिक चिनी माणसे तेथे उतरली आणि खांद्यावर कावड घेऊन शेकडो किलोमीटर पायी खाणींकडे गेली. वाटेत अशाच एका तांड्याला १८५७ मध्ये जेथे सोने लागले, तेथे अरारात हे गाव वाढले. नोहाचे तारू टेकले त्या पर्वताचे नाव असलेले गाव. त्याच वर्षी ४ जुलै रोजी बकलंड नदीकाठच्या चिनी वस्तीवर गोऱ्या खाणकामगारांनी हल्ला करून ती उधळून लावली.

मेलबर्नच्या लिटल बर्क रस्त्यावर तोवर चिनी दुकाने उभी राहिली होती. पुस्तिका लिहिणाऱ्या तिघांपैकी लो काँग मेंग हा पेनांगचा व्यापारी, १८५३ मध्ये आलेला, पुढे एका बँकेचा संचालक झालेला. लुई आह मॉय हा सुतार म्हणून आला आणि व्यापारी झाला. चेओक हाँग चेओंग हा ख्रिस्ती प्रचारक होता. पुस्तिकेचा स्वर कार्बोनीच्या अगदी उलट आहे : शांत, तर्कशुद्ध, सभ्य. तिचा मुख्य युक्तिवाद असा : चीनने बाहेरच्यांना दारे उघडावीत हे इंग्रजांनी तोफांच्या जोरावर मान्य करून घेतले, त्याच करारांनी चिनी प्रजेला इंग्रजी मुलखात जाण्याचा हक्क दिला, मग एका बाजूने दार उघडे आणि दुसऱ्या बाजूने बंद, हा कोणता न्याय? वाङ्मय म्हणून ही पुस्तिका लहान आहे, तीत प्रसंग नाहीत, पात्रे नाहीत. तरी पहिल्या दोन ग्रंथांत मुका राहिलेला शेजारी तीत बोलतो, आणि यजमानाला त्याच्याच शब्दांत जाब विचारतो. तीन पुस्तकांत ही पुस्तिका आम्ही सर्वांत आवश्यक मानतो.

तिला उत्तर काय मिळाले? तिच्या काही वर्षे आधीच, १८७३ मध्ये, क्लून्स येथे एक घटना घडली होती. लोथेर खाणीतील कामगारांनी संप केला. संप मोडण्यासाठी कंपनीने चिनी मजूर गाड्यांत भरून पाठवले. संपकऱ्यांनी रस्ता अडवून त्यांना हुसकावून लावले. आणि त्या कंपनीच्या संचालकांत होता पीटर लेलर, यूरेकाचा एकहाती नायक. ह्या प्रसंगात कोणाची बाजू घ्यावी? मालकाला चिनी माणूस स्वस्त हत्यार म्हणून हवा होता. कामगाराला तो मुळीच नको होता. माणूस म्हणून तो कोणालाच नको होता. लेलर आपल्या धर्माचा, आणि संपकऱ्यांतही आपल्या धर्माचे असणार. म्हणून ह्या प्रसंगावरून घाईने पुढे जाणे आपल्याला शोभणार नाही.

१९०१ मध्ये ऑस्ट्रेलियाचे संघराज्य झाले. पहिल्या संसदेचे उद्‌घाटन ९ मे रोजी मेलबर्नच्या प्रदर्शनभवनात झाले, आणि १९२७ पर्यंत ती संसद मेलबर्नलाच भरत असे. सोन्याच्या पैशाने बांधलेल्या विधिमंडळाच्या सभागृहात तिने त्याच वर्षी आगमननिर्बंधाचा कायदा केला. नको असलेल्या माणसाला कोणत्याही युरोपीय भाषेत पन्नास शब्दांचे श्रुतलेखन करण्यास सांगायचे आणि नापास झाला की परत पाठवायचे, अशी त्याची रीत. कार्बोनीने ज्या अनेक भाषांतून माणसे जोडली, त्याच भाषा आता दार लावण्याच्या कामी आल्या. मूळच्या वुरुंडजेरी लोकांची गत ह्याहून कष्टाची. बॅटमनच्या कराराच्या वेळी लहान मुलगा असलेला विल्यम बराक पुढे त्यांचा पुढारी झाला. १८६३ मध्ये कोरंडर्क येथे त्यांनी शेती उभी केली, ती फुलवली, आणि तीही हिरावली जाऊ नये म्हणून मेलबर्नला पायी जाऊन अर्ज केले. बराक १९०३ मध्ये वारला; कोरंडर्क १९२४ मध्ये बंद करण्यात आले.

तेव्हा मेलबर्नचे आजचे बहुसांस्कृतिक रूप ही सोन्याची थेट देणगी आहे, असे आम्हांला म्हणवत नाही. सोन्याने दोन्ही वारसे दिले : जोसेफला निर्दोष ठरवणाऱ्या ज्यूरीचा आणि दहा पौंडांच्या डोईपट्टीचा. पुढची शंभर वर्षे दुसरा वारसा प्रबळ राहिला. दुसऱ्या महायुद्धानंतर दार किलकिले झाले. ते उघडणारे मंत्री आर्थर कॉलवेल हे मेलबर्नचेच, कॅथलिक, आणि चिनी भाषा शिकलेले. तरीही युरोपियांना बोलावताना आशियाई निर्वासितांना परत धाडण्याचा आग्रह त्यांनीच धरला. श्रुतलेखनाची परीक्षा १९५८ मध्ये रद्द झाली आणि गोऱ्यांच्या ऑस्ट्रेलियाचे धोरण १९७३ मध्ये पूर्णपणे संपले. पूर्वीचे सँडरिज म्हणजे आजचे पोर्ट मेलबर्न. तेथील धक्क्यावर इटालियन, ग्रीक, माल्टीज कुटुंबे उतरली होती. १९७५ नंतर व्हिएतनामी निर्वासित शहरात आले. त्यांच्यापैकीच, तरुणपणी होडीतून निसटलेले व्हिन्सेंट लाँग व्हॅन न्गुएन २०११ मध्ये मेलबर्नचे साहाय्यक महागुरू झाले. आपल्या केरळीय बांधवांसाठी सिरो-मलबार धर्मप्रांताचे पीठही २०१३ च्या अखेरीस मेलबर्नला स्थापन झाले.

साहित्याच्या निकषावर तिन्ही पुस्तकांचे मोल वेगवेगळे आहे. रिचर्डसनची कादंबरी कलेच्या दृष्टीने सर्वांत पक्व. माणसाच्या मनाची पडझड तिच्याइतकी धीराने थोड्यांनी लिहिली असेल. कार्बोनीचे पुस्तक ओबडधोबड, तरी त्या गर्दीचा श्वास त्यातच ऐकू येतो. पुस्तिकेला कलेचा दावा नाही. पण पहिली दोन वाचून शहर आपल्याला कळले असे ज्याला वाटेल, त्याने तिसरे अवश्य वाचावे. रूथ ही परकी मवाबी स्त्री बेथलेहेमच्या शेतात सरवा वेचीत होती आणि प्रभूच्या वंशावळीत तिचे नाव आले, हे आपण जाणतो. टाकलेल्या मातीतून सोने वेचणाऱ्या माणसाची जागा कोणती, हे ठरवताना शुभवर्तमान वाचणाऱ्या समाजाने तिची आठवण ठेवायला हवी होती.

आपली मुले मेलबर्नला जातात तेव्हा ती ह्या इतिहासाच्या तिसऱ्या पुस्तकातून आत शिरतात, पहिल्या दोहोंतून नाही. लो काँग मेंग आणि त्याचे सोबती ज्या दारावर उभे होते, तेच दार आज त्यांच्यासाठी उघडे आहे. ते कोणी ठोठावले होते हे त्यांना ठाऊक असावे. आणि आपल्या वसई-विरारच्या पट्ट्यात बाहेरून आलेल्या भाडेकऱ्याविषयी, मजुराविषयी आपण ज्या शब्दांत बोलतो, ते शब्द क्लून्सच्या रस्त्यावर उभ्या असलेल्या संपकऱ्यांच्या जवळचे आहेत की बेकरी टेकडीवरच्या सभेच्या, हेही तपासून पाहण्यासारखे आहे. कार्बोनीचे पुस्तक आणि ही छोटी पुस्तिका कोणी परिश्रमपूर्वक मराठीत आणली तर आपल्या धर्मग्रामांतील वाचक मंडळांसाठी ते मोलाचे काम होईल. दोन्ही एकाच बांधणीत यावीत, एवढीच आमची सूचना आहे.